दाराआडचं नाव

पैज लावली बारोखनं. आता त्याला ती लावायला कुणी भाग पाडलं ते सोडा.

गाझाजवळच्या आमच्या मायूमा बंदरात संध्याकाळी कामं आटोपली की आम्ही दोम्नीनाच्या ओट्यावर टेकतो. ती उकडलेले मसूर विकते, वर जिरं आणि तेल, आणि त्याहून वर स्वतःची मतं. मी रांजणवाला. म्हणजे रांजण घडवत नाही, द्राक्षाची दारू भरायच्या आधी त्यांना आतून राळ लावतो. त्यामुळे माझे हात कायम काळे. बारोख मासे खारवतो, त्यामुळे तो कोपऱ्यावरनं वळायच्या आधीच कळतो.

तर दोम्नीना कुरकुरत होती. म्हणे, मोठा उपास जवळ आला, आता हा सलामन, म्हणजे मी, पुन्हा बाप्तिस्म्यासाठी नाव द्यायला जाणार, आणि मला पुन्हा बिशपसमोर उभं राहून याचे प्रताप सांगावे लागणार. माझे गुडघे दुखतात. याला म्हणावं घरी बस.

आमच्याकडे रीतच तशी आहे. उपास सुरू व्हायच्या आधी ज्याला बाप्तिस्म्याचं पाणी घ्यायचंय त्यानं बिशपसमोर जायचं. बिशप त्याला काही विचारत नाही, त्याच्या शेजाऱ्यांना विचारतो. हा माणूस कसा आहे? दारू पितो का? खोटं बोलतो का? आईबापांचं ऐकत होता का? आणि बिशपच्या खुर्चीसमोर खोटं बोलायची कुणाची छाती होत नाही. म्हणजे अख्ख्या जगात तुमचं भलं कुणाच्या हाती, तर शेजाऱ्यांच्या. आणि माझे शेजारी म्हणजे हे.

पहिल्या वेळी दोम्नीनानं सांगितलं की मी तिच्या मसुराच्या पोत्यात जिवंत खेकडा सोडला. सोडला होता. दुसऱ्या वेळी बारोखनं सायप्रसच्या तांडेलाचं काढलं. त्या तांडेलाला मी सांगितलं होतं की आमच्या बंदरात माल उतरवायच्या आधी जकातवाल्याच्या दोन्ही गालांचे मुके घ्यायची पद्धत आहे. त्यानं घेतले. जकातवाल्याची दाढ सुजली होती त्या दिवशी, ते मला माहीत नव्हतं असं मी बिशपला सांगितलं. बिशप म्हणाला, पुढल्या वर्षी ये.

"तू नाही सुधारायचास," बारोख म्हणाला. "नाव द्यायच्या दिवसापर्यंत तू एकही खोडी न काढता राहिलास ना, तर मी गाढवासारखा रेकेन."

मी विचारलं, कुठं रेकशील. तो म्हणाला, तू सांगशील तिथं. मग मी जागा निवडली. चर्चचं अंगण, नाव द्यायच्या दिवसानंतरचा रविवार, आणि वेळ नेमकी ती, जेव्हा आम्हा ऐकणाऱ्यांना बाहेर काढतात आणि अंगण गच्च भरतं. त्यानं पाणी घेतलेलं, तरी त्या दिवशी आमच्याबरोबर बाहेर यायचं, विहिरीच्या कठड्यावर उभं राहून रेकायचं, आणि मी पुरे म्हणेपर्यंत थांबायचं नाही. मी हरलो तर बायकोची ओढणी डोक्यावरनं घेऊन त्याच्या खाऱ्या माशांची टोपली धक्क्यावरनं बाजारात न्यायची. दोम्नीना साक्षीदार. तिनं तळहातावर थुंकून आमचे हात जुळवले. तिला मसुराच्या राशीत बसून इतकं हसताना मी पूर्वी बघितलं नव्हतं.

आता हे 'ऐकणारे' म्हणजे कोण, तर आम्ही, पाणी न घेतलेले. आत बसायचं, वाचन ऐकायचं, प्रवचन ऐकायचं, आणि खरं काहीतरी सुरू व्हायची वेळ आली की डीकन, बिशपच्या हाताखालचा सेवक, ओरडतो, ऐकणाऱ्यांनी बाहेर जावं. आम्ही बाहेर. मागं दार. दाराला अडसर. आत काय चालतं ते पाणी घेतलेल्यांनी बाहेर कुणाला सांगायचं नाही, नवऱ्यालाही नाही. माझी बायको मर्थाना आत असते. मी अंगणात अंजिराखाली तिच्या चपला सांभाळत बसतो.

माझ्यासारख्या माणसापासून काही लपवणं म्हणजे मला उपाशी ठेवणं. सुरुवातीला मी तिला गमतीनं छेडायचो. आत तुम्ही मेंढी कापता का गं? बिशप नाचतो का? ती हसायची, बोलायची नाही. ते चालून गेलं असतं.

पण मग आमचा झेबिनास गेला. तापानं. मी अस्कालोनला रांजण पोचवायला गेलो होतो. त्या आठवड्यात वारा पडला आणि आमची होडी तिथंच अडकली. पोरानं अंथरुणातच पाणी घेतलं, घाईघाईनं, प्रीस्बितर, म्हणजे चर्चचा धर्मगुरू, घरी येऊन देऊन गेला म्हणे. मी आलो तेव्हा अंथरूण धुऊन गच्चीवर वाळत घातलं होतं. मला दाखवायला तेवढंच उरलं होतं.

आणि एकदा भाकरी थापता थापता मर्थानाच्या तोंडून निघून गेलं. "आत त्याचं नाव घेतात," ती म्हणाली. "गेलेल्यांची नावं वाचतात, त्यात." आणि लगेच तिनं पिठाचा हात तोंडावर ठेवला. नंतर ती दोन दिवस जेवली नाही, बोलून गेले म्हणून. मी तिला पुन्हा कधी विचारलं नाही. पण तेव्हापासून दर रविवारी मी त्या अंजिराखाली बसायचो आणि माहीत असायचं की आता, त्या दारापलीकडे, माझ्या पोराचं नाव कुणीतरी मोठ्यानं घेतंय, शेपन्नास माणसं ऐकतायत, आणि मी चपला सांभाळतोय.

म्हणून पाणी घ्यायचं होतं मला. बाकी स्वर्ग वगैरे असेल तो असेल. मला एकदा ते नाव ऐकायचं होतं.

पैज लागली आणि माझे हाल सुरू झाले. बारोखनं काय करावं? दुपारी माझ्याच दुकानाच्या सावलीत येऊन झोपायचा, तोंड आ करून, आणि उशाशी खाऱ्या पाण्याचं भांडं. मुद्दाम. मी राळ ढवळत त्या उघड्या तोंडाकडे बघत बसायचो. आत दाताची एक मोठी फट होती. तिच्यात काय काय मावलं असतं. माझा हात आपोआप भांड्याकडे जायचा आणि मी तो राळेत बुडवायचो. गरम राळेत. फोड आले.

दोम्नीनानं तर चपला ओट्याखाली सोडून जायला सुरुवात केली. जोडीला डिंकाचा गोळा. तो ती कशाला ठेवायची? मी एक दिवस त्या चपला उचलून तिच्या हातात नेऊन दिल्या. ती म्हणाली, आजारी आहेस का रे? आणि खरंच काळजीनं माझं कपाळ बघितलं.

इजिप्तचा एक नवखा व्यापारी आला. जाड, घामट, डोळ्यांत सगळ्या जगावर विश्वास. त्यानं मला हमामाचा रस्ता विचारला. मला. त्याला मी कातडी कमावणाऱ्यांच्या गल्लीतनं पाठवू शकलो असतो. जकातवाल्याच्या घरी पाठवू शकलो असतो. मी त्याला बरोबर रस्ता सांगितला, आणि माझा मलाच भरवसा नको म्हणून स्वतः दारापर्यंत सोडलं. परत येताना गल्लीतली माणसं माझ्याकडे बघून आपापसांत काहीतरी बोलत होती, कुणीतरी गेलं की बोलतात तसं.

मर्थानाला पैजेचं माहीत नव्हतं. तिला वाटलं, देवानं नवऱ्याचं मन फिरवलं. ती रात्री आभार मानायची, मी भिंतीकडे तोंड करून ऐकायचो. सांगून टाकावं असं बऱ्याचदा वाटलं. पण ती इतकी खूष होती की जीभ रेटेना.

मध्ये एका रविवारी बिशपनं फाशांवर प्रवचन झोडलं. धक्क्यावरचे हमाल फासे खेळून बायकांच्या कानातलं घालवतात, हे त्याला कळलं होतं. बिशप म्हातारा, दम्याचा, पण त्या दिवशी जुगाराचा पट त्यानं स्वतःच्या गुडघ्यावर मोडला. जुगार, पैजा, नशिबाची चिठ्ठी, सगळं सैतानाचं, म्हणाला. सगळ्यांत जोरात मान मी डोलवली. फाशाला मी आयुष्यात हात लावला नाही. फासे नशिबावर चालतात, माझं काम डोक्यावर चालतं. बारोखही शेजारी मान डोलवत होता. आम्हा दोघांच्याही मनाला ते शिवलं नाही. पैसे लागले तर जुगार. रेकणं म्हणजे काय जुगार?

नाव द्यायचा दिवस आला. बिशप मधोमध खुर्चीवर, दोन्ही बाजूंना प्रीस्बितर, आणि आम्ही एकेक करून पुढं. माझा जामीन म्हणून बारोखच आला होता, न्हाऊन, तरी वास होताच. बिशपनं दोम्नीनाला विचारलं. तिनं सांगितलं की खेकडा नाही, डिंक नाही, उलट मीच तिच्या चपला आणून दिल्या. बोलताना तिनं दोनदा माझ्याकडे वळून बघितलं, इतकं तिला ते अघटित वाटलं होतं. मर्थाना बायकांच्या बाजूला उभी होती. मी तिकडं बघितलं नाही. पण मला ती दिसत होती.

मग बारोख. त्याला एवढंच विचारलं होतं की हा माणूस लोकांना फसवतो का. त्यानं नाही म्हणायचं आणि मागं सरकायचं. पण नाही. बारोखचा माझ्यावर जीव आहे, तिथंच घोळ झाला.

"आबा, नाही फसवत," तो म्हणाला. "मी स्वतः बघितलंय. मी झोपायचो याच्यासमोर, तोंड उघडं ठेवून. यानं पैज जिंकलीय, आबा, अगदी चोख."

बिशपनं मान वर केली. "कसली पैज?"

बारोखला अजून कळलं नव्हतं. तो हसऱ्या तोंडानं म्हणाला, "पैशाची नव्हे, आबा. रेकण्याची."

मागं कुणीतरी फिसकन हसलं, मग दहा जण हसले. बिशप हसला नाही. त्यानं सगळं विचारून घेतलं, कोण, कुठं, कधीपर्यंत, आणि बारोख सांगत गेला, कारण त्या खुर्चीसमोर खोटं बोलायचं नसतं. विहिरीचा कठडासुद्धा सांगितला त्यानं. दोम्नीना साक्षीदार होती हेही. दोम्नीना भिंतीला चिकटली.

बिशपनं दम खाल्ला. मग मला म्हणाला, "सलामन, तू सरळ वागलास. मान्य. पण कुणासाठी? गाढवाच्या रेकण्यासाठी. देवासाठी नव्हे. पुढल्या वर्षी ये."

यात रागावण्यासारखं काय होतं? काहीच नाही. तो बरोबर बोलत होता, म्हणून तर माझं टाळकं फिरलं. माणूस चुकीचं बोलला तर त्याला उत्तर देता येतं.

आणि मी बोललो. बोलायला नको होतं ते. "आबा, गाढवासाठी नाही. आत माझ्या पोराचं नाव घेतात. मला ते एकदा ऐकायचंय."

पाणी घेतलेले लोक एकमेकांकडे बघायला लागले. बिशपनं अगदी हळू विचारलं, "आत काय करतात ते तुला कुणी सांगितलं?"

मर्थानाची मान खाली गेलेली मला न बघता कळली.

"कुणी नाही," मी म्हणालो. "मी अंदाज केला."

म्हणजे अख्खा काळ तोंड, हात, पाय सगळं बांधून ठेवलं, आणि शेवटी नेमक्या त्या खुर्चीसमोर खोटं बोललो. बिशपला कळलं. बिशपला कळलं हे मला कळलं. त्यानं बायकांच्या बाजूला एकदा बघितलं, डोळे मिटले आणि पुढच्या माणसाला बोलाव म्हणाला. एवढं त्यानं माझ्यासाठी केलं. बारोखला मात्र सुटका नव्हती. तू पाणी घेतलेला माणूस आणि पैजा लावतोस? ईस्टरच्या सणापर्यंत ऐकणाऱ्यांबरोबर बाहेर उभा राहा.

घरी जाताना मर्थाना माझ्यापुढं चार पावलं चालत होती. दारात पोचल्यावर म्हणाली, "मला वाटलं तुमच्यात खरंच काहीतरी बदललं." मी म्हणालो, बदललं होतं. ती म्हणाली, "पैज होती." आणि आत गेली. माझ्या ताटात तिनं जेवण वाढलं, सगळं वाढलं, कमी काही नाही. कमी काही असतं तर भांडता आलं असतं.

त्या रविवारी मी जाणारच नव्हतो. पण तिच्या चपला कोण सांभाळणार.

वाचन झालं, प्रवचन झालं, डीकन ओरडला, आणि आम्ही बाहेर आलो. या खेपेला शेजारी बारोख. इतका मोठा माणूस, आणि पोरानं मार खाल्ल्यासारखा चालत होता. दोम्नीनाही बाहेर, तिलाही शिक्षा झाली होती, आणि ती सगळ्यांना गुडघ्याचं कारण सांगत होती. अंगणात सगळी गर्दी आमच्याकडेच बघत होती. पैजेची गोष्ट तोवर सगळ्या बंदरात, अगदी गाझ्याच्या वेशीपर्यंत पोचली होती. कुणीतरी तर शहरातनं चालत आलं होतं ऐकायला.

मी बारोखला म्हणालो, राहू दे, पैज गेली चुलीत. तो म्हणाला, सलामन, माझी आतली जागा गेली, तुझं नाव गेलं, आता शब्दपण घालवू का? माझ्याकडे बाकी काही उरलं नाही, एवढं तरी ठेवू दे. मी हात झटकले आणि अंजिराकडे गेलो.

आणि मग बघितलं, तर दार उघडं होतं.

उघडं म्हणजे बोटभर. दारावर अम्मियन असतो, म्हातारा, वर्षानुवर्षं तोच अडसर घालतो. झेबिनास लहानपणी अंगणात पळायचा तेव्हा तो त्याला किती वेळा ओरडला असेल. नाव द्यायच्या दिवशी तोही तिथंच उभा होता. मी पुढं गेलो. फटीतनं मला त्याची पाठ दिसली. अडसर त्याच्या हातात होता. त्यानं मागं वळून बघितलं नाही. अडसर तसाच हातात धरून उभा राहिला, घालायचं विसरल्यासारखा.

मी दाराला कान लावला. आत कुणीतरी वाचत होतं. बारीक आवाज, खालच्या पट्टीतला. आधी कळेना, मग कळायला लागलं. नावं होती. धक्क्यावरचा जुना सुतार ओबोद, त्याचं नाव. दोम्नीनाच्या बहिणीचं. प्रत्येक नावामागं सगळे मिळून काहीतरी हळू म्हणत होते. ज्या तापात माझं पोर गेलं त्याच तापात गेलेल्या दोघा जुळ्यांची नावं आली, मीठ काढणाऱ्या माल्खोची पोरं. म्हणजे माणसं ज्या क्रमानं गेली त्याच क्रमानं नावं होती, आणि आता तोच हिवाळा चालला होता. आता पुढचं. मी श्वास धरला. माझा काळा हात दाराच्या लाकडावर होता.

मागं विहिरीच्या कठड्यावर बारोख चढला आणि रेकला.

साधंसुधं रेकला नाही. त्या माणसाच्या छातीत भाता आहे, मासळी बाजारात त्याची आरोळी जहाजांवर ऐकू जाते. तो मन लावून रेकला, आत ओढून, बाहेर सोडून, मध्ये ती घरघर पण घेतली. अंगण फुटलं हसण्यानं. धक्क्यावरची खरी गाढवंही उत्तर द्यायला लागली.

मी वळून हात हलवले. पुरे, पुरे म्हणून ओरडलो. पण मला पुरता ओळखणारा माणूस तो. सलामन पुरे म्हणतोय म्हणजे फसवतोय, असंच त्याला वाटलं. त्यानं बोट हलवून मला दाखवलं, आता नाही फसणार, आणि अजून जोरात रेकला. मी पुन्हा दाराला कान लावला. आत ओठ हलत होते, मी फटीतनं बघत होतो ते ओठ, आणि रेकण्याखेरीज काही ऐकू येत नव्हतं.

बायकांच्या बाजूला मर्थाना मला दिसली. ती त्या वेळी रडत होती. तेवढ्यावरनं मला कळलं की नाव कधी घेतलं.

बारोखला मग माझं तोंड दिसलं असावं. आणि माझ्या कानाशी असलेलं दारही. तो मध्येच थांबला, तोंड तसंच उघडं, हात गाढवाच्या कानांसारखे डोक्यावर. आत आता वाचणारा शेवटचं काहीतरी म्हणत होता आणि सगळे आमेन म्हणाले, ते स्वच्छ ऐकू आलं. अम्मियननं माझ्याकडे बघितलं, अगदी क्षणभर, आणि दार ओढून घेतलं. अडसर पडला.

गर्दीतनं कुणीतरी ओरडलं, अर्धवट नको, पैज पूर्ण कर. दोम्नीनानं त्याला गप्प बसायला सांगितलं, पण अजून चार जण ओरडले. बारोख कठड्यावरनं माझ्याकडे बघत होता. त्याच्या दाढीवरनं पाणी ओघळत होतं, घाम की काय ते मी विचारलं नाही.

मी विहिरीजवळ गेलो. लोकांनी वाट दिली, त्यांना वाटलं आता मी काहीतरी जबरदस्त बोलणार. मला खरंच काहीतरी जबरदस्त बोलायचं होतं. त्याच्या मासळीबद्दल, त्याच्या शब्दाबद्दल, त्याच्या दातातल्या फटीबद्दल. मला त्याला त्या विहिरीत ढकलायचं होतं. पण त्याच्याकडे आता तेवढा शब्दच उरला होता.

"हं," मी म्हणालो. "थांबलास कशाला? रेक. मी पुरे म्हटलेलं नाही अजून."

त्यानं डोळे मिटले आणि पुन्हा रेकायला सुरुवात केली, या वेळी अगदी वाईट, फाटलेल्या आवाजात. मी कठड्याला पाठ टेकून मर्थानाच्या चपला मांडीवर घेऊन खाली बसलो आणि त्याला रेकू दिलं.